शालोमकाकांचे शनिवार-रविवार

आमच्या हॉलमधले किस्से सांगायला बसलं की एक निघतो आणि त्याचं शेपूट धरून दुसरा येतो. तीच तीच माणसं दर आठवड्याला एकमेकांची तोंडं बघत असली की दुसरं होणार तरी काय! यातले काही हसण्यासारखे आहेत. काही अजिबात नाहीत.

हॉल धंतोलीत, एका डोळ्यांच्या डॉक्टरांच्या दवाखान्यामागे. आम्ही नागपुरातली मूठभर ज्यू मंडळी, आजोबांच्या काळात रेल्वेच्या नोकरीपायी कोकणातून इकडे आलेली. शेजारीपाजारी आम्हाला कधी पारशी समजत, कधी ख्रिश्चन, आणि आम्ही दुरुस्त करून करून थकलो होतो. शनिवारी सकाळी हॉलमध्ये आमची प्रार्थना, रविवारी त्याच बाकांवर अपंग मंडळाची मीटिंग.

दोन्हीकडे पुढे एकच माणूस, शालोमकाका. शनिवारी ते हज्जान, म्हणजे प्रार्थना गाऊन चालवणारे. रविवारी मंडळाचे सेक्रेटरी. एक पाय लहानपणीच गेलेला, काखेत कुबडी, आणि आवाज असा की दवाखान्यातले पेशंट खिडकीशी येऊन ऐकत उभे राहत. मी एस्तेर. माझ्या पायाला पोलिओमुळे लोखंडी पट्ट्यांचा कॅलिपर, म्हणून मी दोन्ही दिवसांची गिऱ्हाईक, आणि मंडळाची फुकटातली टायपिस्ट.

*

एका सरकारी ऑफिसात अपंगांचे अर्ज घ्यायची खिडकी होती, ती नेमकी वरच्या मजल्यावर. लिफ्ट नाही. काका आम्हा सगळ्यांना घेऊन गेले आणि म्हणाले, "बसा जिन्यात." पायरीपायरीवर माणूस आणि माणसाशेजारी कुबडी.

चपराशी ओरडला. बाबू लोक ओरडले. मग कुणीतरी पोलिसांना फोन केला आणि एक हवालदार खरंच दंडुका घेऊन आला. काका जागचे हलले नाहीत.

शेवटी साहेब वरच्या कठड्याशी आले. "काय तमाशा लावलाय हा?"

"तमाशा नाही साहेब. आमाले वर येता येत नाही, तर तुमाले खाली येता येते का, ते पाहून राहिलो."

हवालदारच आधी हसला. साहेब खाली आले, आणि काही दिवसांनी खिडकीही आली.

*

कन्हानचा देवराव शिंपी आमचा मेंबर. त्याचा एक पाय लाकडाचा. लग्न जुळत आलं होतं आणि गड्याचा बेत असा, की पाहुणे यायच्या आधी खुर्चीवर बसायचं आणि ते जाईपर्यंत उठायचंच नाही.

काकांच्या कानावर गेलं. भडकलेच. "पाय लाकडाचा आहे ना गा, जीभ तर नाही? सांग त्यायले."

"सांगतलं तर लगन मोडते, काका."

"मोडू दे. लपवून लपवून रोज संसार करशील काय?"

देवरावाने पाहुण्यांसमोर पायजमा गुडघ्यापर्यंत वर केला. मी तिथेच होते. मुलीचा बाप उठला आणि चपला शोधायला लागला. देवरावाच्या आईने पदर तोंडाला लावला.

तेवढ्यात आत बायकांत बसलेली मुलगी म्हणाली, "बाबा, बसा न जी. मशीन तर दुसऱ्या पायानं चालवते न ते?"

*

आता दानियलमामा. रेल्वेच्या हिशोब खात्यात होते. बोलताना फार अडखळत, म्हणून त्यांनी बोलणंच टाकलं होतं. हो म्हणायचं ते मानेनं आणि नाही म्हणायचं तेही मानेनं.

आमची एक पवित्र गुंडाळी असते, चामड्यावर हातानं लिहिलेली. तिला सेफेर म्हणतात. दर शनिवारी तिच्यातला पुढचा भाग हज्जान मोठ्यानं वाचतो आणि शेजारी एक जाणता माणूस उभा राहून त्याच्या चुका पकडतो. काकांखेरीज सेफेर वाचता येणारे मामा एकटेच, म्हणून ती जागा मामांची. काकांची चूक कधी होत नसे, त्यामुळे मामांवर बोलायची पाळी येत नसे. दोघांचं मस्त जमलं होतं.

एका शनिवारी काका त्यांना सहज म्हणाले, "दानियल, रविवारी पण येत जा न."

मामा लालबुंद झाले. "मी अ... अ... अ..." कुणी कुणाकडे बघेना. बऱ्याच वेळानं "अपंग नाही" एवढं बाहेर पडलं आणि मामा टोपी उचलून तरातरा निघून गेले.

काका दाराकडे बघत म्हणाले, "मी तर चहाले बोलावलं होतं."

*

एका रविवारी काकांनी मंडळाच्या अर्जाला सरकारकडून आलेलं उत्तर पुढे केलं. काका म्हणाले, "वाच वं एस्तेर. चष्मा घरी राहिला."

चष्मा त्यांच्या नाकावर होता. मी हसले. ते हसले नाहीत, तेव्हा माझ्या डोक्यात प्रकाश पडला.

पुढच्या दवाखान्यातल्या डॉक्टरांनी त्यांना आधीच सांगितलं होतं. दोन्ही डोळे निकामी होत चालले होते आणि इलाज नव्हता. आता नुसत्या आकृत्या दिसत.

"मग काल सेफेर कसं वाचलंत?"

"पाठ आहे."

मी हबकलेच. आमच्यात ते चालत नाही. सेफेर बघूनच वाचायचं, त्यातलं एक अक्षरसुद्धा पाठ म्हणायचं नाही. पाठ म्हटलं तर ते वाचन झालंच नाही. मी कडाकडा भांडले. "देवरावाला काय शिकवलंत? पायाचं तुम्ही कधी लपवलं नाही आणि डोळ्यांचं लपवता?"

"पायानं कोण वाचते वं? डोळ्यांचं सांगतलं तर मले बसावं लागते. लोकं एकेक करून इस्राएलले चालले. मी बसलो तर वाचणार कोण? दानियल? त्या दिवशी सेफेरचं कपाट बंद होते, मग उघडत नाही."

मी हे कुणाला सांगितलं नाही. राग मात्र आला, आणि तो बरेच दिवस टिकला.

*

मग सेफेर छातीशी धरून हॉलमध्ये फेऱ्या मारायचा सण आला. त्या वेळी सेफेर हातातून पडलं तर हजर असलेल्या सगळ्यांवर उपास बसतात, आणि बदनामी होते ती वेगळी. काकांच्या एका काखेत कुबडी, दुसऱ्या हातात सेफेर, आणि वाटेत कुणीतरी स्टूल ठेवलेलं.

ते मलाच दिसलं. ओरडावं तर सगळं उघडं पडणार. काका गात गात सरळ स्टुलाकडेच आले. मी कॅलिपरचा पाय पुढे काढून स्टुलाला अशी लाथ घातली की ते खडखडत भिंतीवर आपटलं.

गाणं थांबलं. आई म्हणाली, "काय झालं गं?"

"पायात गोळा आला."

"त्या पायात?"

काका फेरी पुरी करून गेले. मामा मात्र तिथेच थांबून आधी स्टुलाकडे आणि मग काकांच्या पाठीकडे बघत राहिले.

*

पुढे काही महिन्यांनी एका आठवड्याच्या मधल्या दिवशी सणाचं वेगळं वाचन होतं. त्यासाठी सेफेर गुंडाळत गुंडाळत दुसऱ्या जागेवर आणलेलं. नंतर काकांनी ते अंदाजानंच मागे फिरवून ठेवलं.

शनिवारी काकांनी सुरुवात केली. आवाज नेहमीसारखाच, अगदी मोकळा. मामांनी खाली बघितलं आणि त्यांचा चेहरा उतरला. काका गात होते ते एक, चामड्यावर होतं ते दुसरंच. मला ते लिखाण वाचता येत नव्हतं, पण मामांचा चेहरा येत होता. चूक मोठ्यानं सांगायची, हे मामांचंच काम. सांगितलं तर काका संपले. गप्प राहिले तर देवासमोर खोटं वाचन. मामांनी तोंड उघडलं, मिटलं, पुन्हा उघडलं. मग त्यांनी आपला तळवा सेफेरवर ठेवला.

"थ... थ... थांब. इ... इथे ते नाही."

काकांचा आवाज शब्दाच्या मध्येच तुटला. काका लोकांकडे वळले.

"मले दिसत नाही. लई दिवसांपासून दिसत नाही. मी पाठ म्हणून राहिलो होतो."

म्हातारे कुजबुजले. एक जण म्हणालासुद्धा, "मग कपाट लावून घ्या आता." काकांनी ओळीवर फिरवायची चांदीची काडी टेबलावर ठेवली, कुबडीनं चाचपडत ते पहिल्या बाकापर्यंत आले आणि बसले. मला रडू फुटलं.

कुणीच उठेना. मग मामांनी सेफेर हळूहळू फिरवलं. बराच वेळ शोधलं. जागा सापडल्यावर चांदीची काडी उचलली आणि पहिल्याच शब्दाला अडकले. मान ताठ झाली, गळ्याची शीर फुगली, शब्द येईना. काका खाली मान घालून ऐकत होते. त्यांना तो शब्द पाठ होता, त्याच्या पुढचे सगळे पाठ होते, पण त्यांनी ओठ घट्ट मिटून धरलेले.

मागून कुणालातरी राहवलं नाही. त्यानं हळूच तो शब्द पुरवला.

काकांनी कुबडी जमिनीवर आपटली.

"कोण आहे तो? गप बसा. किती वेळ लागते ते लागू द्या त्याले. तो वाचून राहिला."