कापलेलं बोलणं

मंगरूळपीरच्या यास्मीनला लोक ओळखायचे ते लग्नांच्या शूटिंगमुळे. बायकांच्या बाजूला पुरुष कॅमेरावाला नको म्हणणाऱ्या घरांतून तिलाच बोलावणं यायचं. जेवणावळी टिपता टिपता तिच्या मनानं घेतलं, ताटातलं हे अन्न हल्ली पिकतं कसं, यावर माहितीपट करायचा.

केनवडकडच्या एका खेड्यात तिला रंगूबाई भेटली. नवरा जानराव आणि ती वांगी लावायचे. यास्मीन हंगामभर त्यांच्याकडे जात राहिली. रंगूबाई तिला भाकरी वाढायची, कॅमेऱ्यापुढे मोकळं बोलायची.

एका दुपारी ती बांधावरून म्हणाली, "ह्या दोन ओळी घरच्या. यायले आमी फवारा नाही मारत. बाकीच्यायले आज मारला, उद्या तोडून बजारात."

"काहून मावशी?"

"किडकं वांगं कोन घेते? एक छेद दिसला का व्यापारी अख्खी कॅरेट फेकते. अन् फवारलेलं नातवाले चारू का मी?" रंगूबाई हसली.

लोकांना उत्सुकता वाटावी म्हणून यास्मीननं तेवढाच तुकडा मोबाइलवर टाकला. मावशीला विचारायचं तिला सुचलंही नाही. कुणीतरी त्यातलं व्यापाऱ्याबद्दलचं बोलणं कापलं, वर 'विष विकणारी बाई' असं लिहिलं, आणि तो तुकडा हातोहात पसरला.

बाजारात रंगूबाईची वांगी न उतरवताच परत गेली. मग साऱ्या गावाची. वांग्यांचे ढीग उकिरड्यावर सडले. बायकांनी रंगूबाईशी बोलणं टाकलं; जानराव पारावर जाईनासा झाला.

यास्मीननं आपला तुकडा काढून टाकला, पण बाकीच्यांच्या मोबाइलमधून तो कसा काढणार? ती एकेकाला हात जोडत सुटली. एक जण फोनवर म्हणाला, "मस्त चालून राह्यला, कायले काढू?"

ती गावात गेली तेव्हा जानरावानं बस म्हटलं नाही. रंगूबाई म्हणाली, "पोरी, हसली होती ना मी? थेच दाखवून राह्यले सारे."

"मावशी, माफ करा. पुरी फिल्म दाखवतो मी. तुमचं सारं बोलनं दाखवतो."

"आता कोन पाह्यते?" असं म्हणूनही रंगूबाई उठली. वांग्यातली अळी, फवाऱ्यानं सोललेली जानरावाची पाठ, बाजारातून परत आलेली कॅरेट, तिनं सगळं दाखवलं. या वेळी ती एकदाही हसली नाही.

यास्मीननं रात्रंदिवस खपून फिल्म पुरी केली आणि मंगरूळपीरला एक हॉल घेऊन दाखवली. बहुतेक खुर्च्या रिकाम्याच राहिल्या. आलेल्यांपैकी एकानं विचारलं, "तो वांग्यावाल्या बाईचा व्हिडिओ यात हाये का?" मोबाइलवरही कुणी ती शेवटपर्यंत पाहिली नाही. कापलेला तुकडा मात्र अजून फिरतोच आहे.

पुढच्या हंगामात रंगूबाईनं भाजी लावली नाही, सगळ्या वावरात सोयाबीन पेरलं. यास्मीन अधूनमधून फोन करते. जानराव उचलतो, "वावरात गेली," म्हणतो. परवा ती विचारत असतानाच मागून रंगूबाईचा आवाज आला,

"सांगा तिले, घरी नाही म्हनून."