पॅनलला हात लावू नये

“सूर्य रजेवर गेलाय का?” दामले सरांनी ग्राफचा कागद माझ्या टेबलावर ठेवत विचारले.

एप्रिलचा पहिला आठवडा होता. वेल्हे तालुक्यातल्या एका वस्तीच्या आरोग्य उपकेंद्रावर आम्ही चार सौर पॅनल बसवले होते. ग्राफवरची रेघ मार्चच्या मध्यापासून खाली उतरत होती. वर्षातले सर्वांत कडक ऊन पडत असताना आमचे पॅनल वर्षातली सर्वांत कमी वीज देत होते.

आमची कंपनी लहान होती, विषय मात्र मोठा होता. देशाने पुढच्या काळात अणुऊर्जेवर किती भिस्त ठेवावी आणि सूर्य-वाऱ्याला किती जागा द्यावी, यावरच्या एका अहवालाचे एक प्रकरण आम्ही पुण्यात बसून लिहीत होतो. नव्वदचे दशक संपत आले होते. मी फिजिक्समध्ये एम.एस्सी. केलेली, वय पंचवीस, आणि सौर विभागाची प्रमुख. विभागात मी एकटीच होते.

दामले सर माझे बॉस. उमेदीची सगळी वर्षे त्यांनी एका अणुवीज केंद्राच्या कंट्रोल रूममध्ये काढली होती. विजेची मागणी दिवसभर वर-खाली होते, पण एका पातळीच्या खाली ती कधीच जात नाही. दवाखाने, पाण्याचे पंप, कारखान्यांच्या भट्ट्या कायम चालू असतात. या किमान मागणीला बेस लोड म्हणतात. अणुभट्टी त्यासाठी उत्तम. एकदा सुरू झाली की महिनोन्‌महिने एका पातळीवर चालते.

“तुझा सूर्य सहा वाजता सही करून घरी जातो,” सर म्हणत. “माझी भट्टी तिन्ही पाळ्या करते.”

“पण सर, तुमची भट्टी बंद पडली तर न सांगता पडते. माझा सूर्य निदान वेळ ठरवून जातो.”

असे आमचे रोज चाले. त्या दिवशी मात्र मी ग्राफचा कागद जवळ ओढून घेतला.

उपकेंद्र मी मुद्दाम निवडले होते. तिथे लसीचा फ्रिज होता. लस दोन ते आठ अंश तापमानातच ठेवावी लागते, दिवसरात्र. म्हणजे एका कपाटाएवढा बेस लोडच. दिवसा पॅनलांनी फ्रिज चालवायचा आणि बॅटरी भरायची, सूर्य गेल्यावर बॅटरीने फ्रिज सांभाळायचा. हे इथे जमले, तर सूर्यावर विसंबता येते असे मला अहवालात लिहिता येणार होते. प्रकरणाला जोडलेले, माझ्या नावाने छापले जाणारे ते पहिलेच परिशिष्ट.

आता त्या फ्रिजचे तापमान दोनदा आठाच्या वर गेले होते. दोन्ही वेळा उपकेंद्राच्या शेख सिस्टरांनी लस नियमाप्रमाणे बाद केली होती. वस्तीला विजेचे खांब पोहोचले होते, पण वीज अधूनमधूनच पोहोचे. पावसाळ्यात दरड आली की रस्ता बंद होई आणि वेल्ह्याहून लस येणे थांबे. फ्रिज चालला नाही, तर तिथल्या पोरांची गोवराची लस दिवाळीपर्यंत लांबणार होती.

“मेअखेर अहवाल जायचाय,” सर म्हणाले. “तोपर्यंत रेघ वर आली नाही, तर ‘अयशस्वी’ असं लिहावं लागेल. फ्रिज आणि पॅनल दुसऱ्या जिल्ह्यात हलवतील. काय झालंय ते शोध.”

मी शास्त्राच्या विद्यार्थिनीला शोभेल अशा क्रमाने शोधायला लागले.

पहिला संशय उष्णतेवर. पॅनलला उजेड हवा असतो, उष्णता नको असते. ते तापले की वीज थोडी कमी देते. मी हिशेब केला. घट जेवढी दिसत होती, तिचा जेमतेम चौथा हिस्सा उष्णतेने समजावता येत होता. दुसरा संशय चार्ज कंट्रोलरवर. बॅटरीत किती करंट जाऊ द्यायचा हे ठरवणारा तो आतल्या खोलीतला डबा. मेकॅनिक पाठवून मी तो बदलून घेतला. मेकॅनिक परत येऊन म्हणाला, “डबा चांगला होता, मॅडम.” तिसरा संशय ढगांवर. वेधशाळेच्या नोंदी आणल्या. आकाश निरभ्र.

मग मी प्रश्नावली तयार केली. बावीस प्रश्नांची, दोन पानी. ती सिस्टरांकडे पाठवली आणि त्यांनी ती आठवड्याच्या आत भरून परत केली. जवळ नवे झाड वाढले आहे का? नाही. फ्रिजचे दार वारंवार उघडले जाते का? नाही. पॅनलशी कोणी छेडछाड केली आहे का? या प्रश्नापुढे वळणदार अक्षरात लिहिले होते: “नाही. आपल्या सूचनेप्रमाणे कोणीही हात लावलेला नाही.” मी त्या उत्तराखाली हिरव्या शाईने रेघ ओढली. ग्रामीण भागात सूचना पाळल्या जात नाहीत असे म्हणणाऱ्यांना दाखवायला बरे पडेल, असे वाटले.

सगळी उत्तरे कॉम्प्युटरवर चढवली. बाविसावा रकाना ‘इतर’ होता. तिथे काही मजकूर होता, पण मजकुराला आकडा देता येत नव्हता. तो मी सोडून दिला.

उत्तर सापडले नाही. शेवटी मी स्वारगेटहून एसटीत बसले.

नसरापूरला गाडी हायवे सोडून आत वळली, तशी रस्त्याच्या दोन्ही बाजूंना शेतांत काळे चौकोन दिसायला लागले. कुठे कुठे अजून धूर निघत होता. शेजारच्या बाईंना मी विचारले, तेव्हा त्यांनी सांगितले, “राब भाजत्यात.” भाताची रोपे ज्या तुकड्यात करायची, तिथे शेण, पालापाचोळा आणि तोडलेल्या फांद्या अंथरून पेटवतात. तण मरते, राखेचे खत होते. पावसाच्या तोंडावर त्याच राखेत बी पेरतात. मला हे फार रोचक वाटले. मी दोन फोटोही काढले. धूर डोळ्यांत गेला म्हणून खिडकी लावून घेतली, आणि उरलेल्या वाटेवर उष्णतेचा हिशेब पुन्हा तपासला.

वेल्ह्यापासून पुढे जीप मिळाली. उपकेंद्राच्या दारात शेख सिस्टर उभ्याच होत्या. पन्नाशीच्या, मूळच्या भोरच्या, बोलण्यात ठाम.

“या मॅडम. पाणी घ्या. मग आमचा गुन्हा सांगा.”

“गुन्हा कसला सिस्टर? मला फक्त पॅनल बघायचेत.”

त्या मला मागच्या अंगाला घेऊन गेल्या. लोखंडी चौकटीवर चार पॅनल दक्षिणेकडे तोंड करून होते. मी बसवले तेव्हा ते निळेशार होते. आता ते करडे होते. वर राखेचा थर होता, धुराच्या चिकटपणाने घट्ट बसलेला. एका पॅनलवर कावळ्याने आपली भर घातली होती. चौकटीपासून वीस पावलांवर एक काळा चौकोन होता, त्यापलीकडे दुसरा, आणि त्यापलीकडे पूर्ण उतारभर.

मी एका काचेवरून बोट ओढून पाहिले. मग म्हणाले, “सिस्टर, हे कोणी पुसलं का नाही?”

सिस्टरांनी फक्त बोट दाखवले. चौकटीच्या मधोमध मीच लावलेली पत्र्याची पाटी होती. लाल अक्षरे. ‘पॅनलला हात लावू नये. हात लावल्यास कारवाई करण्यात येईल. हुकमावरून.’ खाली माझे नाव आणि हुद्दा.

“पोरंटोरं खेळतील म्हणून लावली होती मी ती,” मी म्हणाले.

“असंल. पण त्यात पोरंटोरं असं लिहिल्यालं न्हाई,” मागून आवाज आला. शेजारच्या शेताचे मालक धोंडिबा तात्या कमरेवर हात ठेवून उभे होते. “आमी म्हनलं, सरकारी कारभार हाय. हात लावावा आन्‌ कारवाई व्हावी, कुनी सांगितलंय?”

“सरकारी नाही तात्या, आमची कंपनी आहे.”

“पाटी लाल हाय न्हवं? मग सरकारीच.”

“पण वीज कमी होतेय हे दिसत होतं ना? सिस्टर, तुम्ही तरी मला कळवायचंत.”

सिस्टर आत गेल्या आणि फाइल घेऊन आल्या. आरोग्य खात्यात पंचवीस वर्षे काढलेल्या बाई कुठलाही कागद स्थळप्रत ठेवल्याशिवाय पाठवत नाहीत. माझ्या प्रश्नावलीची कार्बन कॉपी त्यांनी माझ्यापुढे धरली. बाविसावा रकाना. ‘इतर: काचेवर राबाची राख फार बसते. परवानगी मिळाल्यास आम्ही रोज पुसू. उत्तराच्या प्रतीक्षेत.’

“उत्तर आलं नाही,” सिस्टर म्हणाल्या. “म्हटलं, वरचे लोक विचार करत असतील. मोठा विषय आहे.”

वरचे लोक म्हणजे मी. मी तीन आठवडे विचारच करत होते, हे खरे होते.

“आत्ता पुसूया,” मी म्हणाले.

“लेखी द्या,” सिस्टर म्हणाल्या. त्या हसत नव्हत्या. मी वहीचे पान फाडून परवानगी लिहिली, सही केली, तारीख घातली. ते पान त्यांनी फाइलला लावले. मग हसल्या.

तात्यांच्या कारभारणी बादली घेऊन आल्या. मी सिस्टरांशी बोलत होते, तोवर त्यांनी नारळाची शेंडी भिजवून चिमूटभर राखेत बुडवलीही होती. मी ओरडलेच.

“अहो थांबा! राखेनं नको!”

“का वो ताई? भांडी राखंनंच निघत्यात. राखंचा डाग राखंनं लई सोपा निघतो.”

काचेवर चरे पडले तर वीज कायमची कमी होईल, हे त्यांना समजावून सांगितले. त्यांनी शेंडी खाली ठेवली आणि जुने मऊ लुगडे फाडून आणले. चारही पॅनल पुसायला अर्धा तास लागला. मी मीटर लावून बसले. एकेक पॅनल निळा होत गेला, तसा काटा वर चढत गेला. तात्या माझ्या खांद्यावरून बघत होते.

“एवढ्यासाठी तुमी पुन्याहून आला?”

“हो.”

“एसटीनं?”

“हो, तात्या.”

“कागदावर न्हाई का कळवायचं, पुसा म्हनून?”

मी मीटरमध्ये बघत राहिले.

प्रश्न मात्र अर्धाच सुटला होता. राब अजून पंधरा दिवस भाजले जाणार होते, आणि अहवालाच्या मुदतीआधी मला निदान तीन आठवड्यांचे चांगले रीडिंग हवे होते. मी तात्यांना म्हणाले, “उपकेंद्राजवळचे राब यंदा जरा लांब करता येतील का?”

तात्यांचा आवाज बदलला. “ताई, राब न्हाई भाजला तर रोपं कशाची करायची? तुमच्या लाइटीची? पोरांना लस पायजेल, तसा भातबी पायजेल.”

ते बरोबर होते. आमच्या प्रकरणाचे शीर्षकच ‘ऊर्जास्रोतांचे सहअस्तित्व’ असे होते, आणि मी पहिल्याच अडचणीला समोरच्याला उठवायला निघाले होते. तोडगा शेवटी तात्यांनीच काढला. ज्याच्या घरचा राब पेटेल, त्या घराने दुसऱ्या दिवशी सकाळी पॅनल पुसायचे. राब भाजायची पाळी वस्तीत ठरलेलीच असते, कारण आग एका वेळी एकानेच लावायची आणि बाकीच्यांनी राखायची. त्याच पाळीला पुसण्याचे काम जोडले गेले. राबांचा हंगाम संपला की सिस्टर आठवड्याला पुसून घेणार होत्या. नवी पाटी तिथेच लिहिली. ‘मऊ कापडाने पाण्याने पुसावे. राख, शेंडी वापरू नये.’ सही करण्याचे मी टाळणार होते, पण सिस्टरांनी करायला लावली.

मेअखेर रेघ पूर्वी होती तिथे वर आली. फ्रिज सहा अंशांवर स्थिर राहिला.

मी सरांपुढे नवा ग्राफ आणि माझ्या चुकीची नोंद एकत्रच ठेवली. ते खूप हसतील असे मला वाटले होते. ते थोडेसेच हसले.

“भट्टी भरवशाची असते, ती युरेनियममुळे नाही,” ते म्हणाले. “कुठली झडप कोणी, किती वाजता, कशानं पुसायची, हे आमच्याकडे लिहिलेलं असतं. तीन पाळ्यांची माणसं त्यामागे उभी असतात. तुझ्या पॅनलांमागे काय होतं?”

“एक पाटी.”

“आणि तीही पुसू नका सांगणारी.”

परिशिष्ट माझ्या नावाने छापले गेले. ‘यशस्वी’ या शब्दाच्या शेजारी सरांनी आग्रहाने एक तळटीप घालायला लावली: यंत्रणेत दोष आढळला नाही, सूचनेत आढळला. अहवाल मागवणाऱ्या समितीच्या बैठकीत एका सदस्याने विचारले, “चार पॅनलांवरून देशाचं धोरण ठरवायचं का?” त्याला उत्तर द्यायला माझ्याआधी अणुभट्टीवाले दामले सर उठले. जुलैत वेल्ह्याच्या पुढचा रस्ता दरडीने बंद झाला. सिस्टरांचे पत्र आले, चार ओळींचे. लसीकरणाचा दिवस ठरल्याप्रमाणे पार पडला, एकही मूल राहिले नाही, पॅनल स्वच्छ आहेत, स्थळप्रत ठेवली आहे.

त्यानंतर मी पुष्कळ मोठे प्रकल्प पाहिले. कोन, उंची, ऊन, वारा हे नंतर. साइटवर माझा पहिला प्रश्न असतो, “हे पुसणार कोण?” बहुतेक ठिकाणी तरुण इंजिनिअर नम्रपणे सांगतो, “मॅडम, ते आमच्या स्कोपमध्ये येत नाही.” मी ते वाक्य वहीत लिहून घेते. तिथला ग्राफ साधारण कधी खाली येईल, याचा अंदाज मला तेवढ्यावरून बांधता येतो.