कोंडिबांचं वाक्य

मुरुमचे सुगत गायसमुद्रे सर बारा वर्षं विकिपीडियावर लिहितात. तिथं आपल्याच घराण्याचं कौतुक लिहिणाऱ्या कितीजणांशी ते भांडले असतील.

यंदा एका अनोळखी माणसानं गावाच्या लेखात लिहिलं की इथलं पहिलं वाचनालय कोंडिबांनी काढलं. गोष्ट खरी होती. पण कोंडिबा म्हणजे सरांचे वडील, आणि संदर्भाला दिलेली पुस्तिका सरांनीच लिहिलेली. गप्प बसले असते तर कुणाच्या बापाला कळलं नसतं. सरांनी दोन्ही गोष्टी लेखाच्या चर्चापानावर, जिथं बाकीचे संपादक वाद घालतात तिथं, स्वतःहून कळवल्या. घरच्या माणसाचं लिखाण तिथं पुरावा म्हणून चालत नाही, आणि दुसरा छापील पुरावा नव्हता. आठवड्यात वाक्य काढलं गेलं.

त्यांच्या आई केशरबाई त्याच वाचनालयात वाचायला शिकल्या होत्या. चष्मा पुसत म्हणाल्या, "ह्यांचं नाव आलंय म्हणलास नव्हं? दाव की, वाचते."

"आलं होतं, आई," सर म्हणाले.