हिव पडलेली सहाशे रोपं

"मॅडम, कोनी आग लाई दिनी का काय?" युवराज आप्पा म्हणाले.

आप्पा आमच्या वनखात्याच्या जीपचे ड्रायव्हर. जानेवारीतली सकाळ होती, साडेसात वाजले होते. धडगावच्या पुढं, सातपुड्याच्या पठारावर खात्याचं एक जुनं रेस्ट हाउस आहे. त्याच्यासमोरच्या पडीक जमिनीत मी जुलैत सहाशे रोपं लावली होती. आठ दिवसांपूर्वी हिरवीगार बघून गेले होते. आता एकूण एक रोप काळं पडलेलं. पानं शिजलेल्या मेथीसारखी लोंबत होती.

आग नव्हती. गवतावर पांढरा थर होता. पायाखाली करकरत होता. दव गोठतं, त्याला इकडं हिव पडलं म्हणतात.

मी तापीकाठची. सारंगखेड्याच्या अलीकडं आमची केळी आणि ऊस. आमच्याकडं थंडी म्हणजे जत्रेत स्वेटर घालून घोडे बघायला जायचं, एवढंच. शेतीची पदवी घेतली, नोकरीत रोपवाटिका आणि लागवड बघायला लागले, पण हिवानं मेलेलं झाड मी तोवर पाहिलं नव्हतं. हे कबूल करायला मला पुढं वर्ष लागलं.

"मन्हा गावमा आसं कधी व्हत नही," आप्पा म्हणाले.

"माझ्याही नाही," मी म्हटलं.

तेवढ्यात मोगीबाई आली. ही रोपं तिच्या नर्सरीतली. जवळच्या पाड्याच्या वरच्या अंगाला खात्याची छोटी रोपवाटिका आहे, ती मोगीबाई आणि तिच्या दोन जावा सांभाळतात. बिया गोळा करणं, पिशव्या भरणं, पाणी घालणं, सगळं त्या तिघींचं. घरी पावरी बोलतात, माझ्याशी मराठी. मोगीबाई मला 'तू' म्हणते. मीही तिला 'तू'च म्हणते. आमचं तसंच ठरून गेलंय.

तिनं एक काळं पान चोळून पाहिलं.

दहा दिवसांनी साहेबांची पाहणी होती. काळ्या रोपांचं ते मैदान त्यांना दाखवायची मला लाज वाटत होती. मी मोगीबाईला म्हटलं, "सगळी उपटून टाका. जागा साफ दिसू दे."

"सगळी?"

"सगळी. मेलीत ती."

दोन दिवसांत जागा साफ झाली. रजिस्टरमध्ये मी 'मृत' या रकान्यात सहाशे लिहिलं आणि सही ठोकली.

साहेब पाहणीला आलेच नाहीत. त्यांनी मलाच नंदुरबारला ऑफिसात बोलावलं. साहेब नवीन होते. त्यांचं ट्रेनिंग डेहराडूनचं. टेबलावर त्यांनी मोबाइल पुढं सरकवला. फोटोत उंच देवदार, खाली बर्फ.

"हे बघा. शून्याखाली जातं तिथं, तरी झाडं उभी आहेत. आपलं पठार थंड. मग उत्तरेकडची झाडं का नाही लावायची? पाइन, देवदार. रेस्ट हाउसलाही शोभा येईल."

"साहेब, देवदाराला बर्फ चालतो. आपला मे महिना चालत नाही. वर थंडी दीड महिना असते, पण एप्रिलपासून दगड तापतात."

"आणि तुमच्या स्थानिक झाडांना काय चाललं?"

मोह, आवळा, चारोळी, पळस, टेंभुर्णी असं सगळं मी सरमिसळ लावलं होतं. सगळी इथलीच झाडं. जंगलात वर्षानुवर्षं उभी आहेत, मग माझ्याच हातून का मेली, हे मला कळत नव्हतं.

साहेब पुढं म्हणाले, "रोपं कमकुवत होती. वरची ती नर्सरी बंद करू. पुढच्या पावसाळ्यात खालून, मोठ्या नर्सरीतून माल पाठवू."

हे ऐकल्यावर मात्र माझं डोकं फिरलं. नर्सरी बंद झाली तर मोगीबाई आणि तिच्या जावा दिवाळीनंतर गुजरातेत ऊसतोडीला जाणार. पाड्यातली निम्मी घरं जातातच. पोरांच्या शाळा सुटतात, म्हातारी माणसं घरं राखतात. नर्सरी आहे म्हणून या तिघी घरी होत्या. आणि चूक त्यांची नव्हती.

"साहेब, रोपं चांगली होती. जागा मी निवडली. सपाट होती, माती चांगली होती, जवळ झरा होता, म्हणून निवडली. चूक असेल तर ती माझी आहे. मला एक वर्ष द्या."

"एक वर्षात काय बदलणार?"

"ते मलाही माहीत नाही अजून. पण शोधते."

साहेबांनी माझ्याकडं बघितलं. "एकच हंगाम. पुन्हा नापास झालं तर नर्सरीची फाइल बंद. आणि हो, दोन पाइन मी आणवतोय. रेस्ट हाउसच्या दारात लावा."

"लावते."

मग त्यांनीच एक कामाची गोष्ट सांगितली. डेहराडूनला आंब्याच्या कोवळ्या कलमांवर थंडीत वाळल्या गवताचं खोपटं करतात, पूर्वेकडून उघडं ठेवतात. ते मी वहीत लिहून घेतलं. चांगला सल्ला वरिष्ठाकडून आला तरी घ्यावा.

शोधायचं कसं? जानेवारी अजून संपला नव्हता. पुस्तकात वाचलेलं एक डोक्यात होतं. निरभ्र रात्री, वारा नसेल तर, जमीन आपली ऊब सोडून देते. जमिनीलगतची हवा गार होते. गार हवा जड असते, ती उतारावरून पाण्यासारखी खाली वाहत येते आणि खोलगट जागेत साचते. म्हणजे हिव सगळीकडं सारखं पडत नाही. पण माझ्या जागेत ते नेमकं कुठं पडतं? मोजायला यंत्रं मागवली असती तर मंजुरी यायला पुढचा जानेवारी उजाडला असता.

शेजारच्या आश्रमशाळेत गेले. अधीक्षकांना म्हटलं, "मुलांची चाळीस ताटं द्या. संध्याकाळचं जेवण झालं की द्या, सकाळी नाश्त्याआधी घासून परत."

त्यांना वाटलं, साहेबलोक जेवायला येणार आहेत. मी नाही म्हटलं नाही.

उतारावर, सपाटीवर, एकुलत्या एका जुन्या मोहाखाली, झऱ्याजवळ अशी सगळीकडं आम्ही ताटं ठेवली. खाली वाळलं गवत, वर स्टीलचं ताट, ताटात बोटभर पाणी. प्रत्येकाशेजारी दगडावर खडूनं आकडा. पाड्यातली माणसं लांबून बघत होती. बायका पदर तोंडाला लावून हसत होत्या.

"मॅडम, ताटं तं मांडात," आप्पा म्हणाले, "आते जेवाले कोन ई ऱ्हायनं?"

"सकाळी कळेल, आप्पा."

उजाडताना आम्ही फिरलो. उतारावरच्या ताटांत पाणी होतं. मोहाखालच्या ताटांत पाणी. खालच्या सपाटीवर पोचलो आणि पहिल्याच ताटात पापडासारखा पातळ बर्फ. पुढच्यात बर्फ. त्याच्या पुढच्यातही. आप्पांनी एक पापडी उचलून जिभेवर ठेवली.

तीन सकाळी आम्ही हेच केलं. तिन्ही वेळा गोठलं ते खालच्या खोलगट पट्ट्यातच. मी कागदावर आकडे मांडले, गोठलेल्यांभोवती रेघ ओढली. माझी सहाशे रोपं बरोबर त्या रेघेच्या आत होती. जमीन डोळ्याला सपाट दिसत होती, पण होती परातीसारखी.

मोगीबाईनं कागद बघितला. म्हणाली, "खाली कोणी घर नाही बांधत. तिथं राहिलं की म्हाताऱ्या माणसाला खोकला धरतो."

मी वर बघितलं. पाड्यातलं एक न एक घर उतारावर होतं. सहा महिने ती घरं माझ्या डोळ्यांसमोर होती.

"मग मला लावताना का नाही सांगितलंस?"

"तू झाडं लावत होती. घर थोडंच बांधत होती."

तिचंही खरंच होतं. झाडाला खोकला होत नाही.

मग आम्ही वर्षभर राबलो. मोह, आवळा, चारोळी ही लहानपणी हिवाला भिणारी झाडं उतारावर घेतली, रेघेच्या वर. खाली परातीत फक्त पळस आणि टेंभुर्णी, कारण पठारावरच्या अशाच खोलगट माळांवर मोगीबाईनं मला हीच दोन झाडं दाखवली. तसे चार माळ आम्ही पायी फिरलो. पावसाळा संपल्यावर नर्सरीतल्या उरलेल्या रोपांवरची हिरवी जाळी काढली, पाणी कमी केलं. फार लाड केलेलं रोप थंडीत पहिलं मान टाकतं. डिसेंबरात प्रत्येक रोपावर गवताचं खोपटं बांधलं. तिघी जावा सकाळपासून गवत वळत बसायच्या. मीही बसले. माझी खोपटी वाऱ्यानं उडायची, त्यांची नाही.

दारात साहेबांचे दोन पाइन लावले. त्यांनाही खोपटं घातलं. दुजाभाव केला नाही.

जानेवारीत हिव पडलं. गेल्या वर्षीपेक्षा जोरात. दुसऱ्याच दिवशी साहेब आले.

"झाडं कुठायत?" त्यांनी विचारलं. समोर नुसती गवताची खोपटी.

उतारावरचं एक खोपटं मी उचललं. आत मोह, चार हिरव्या पानांचा. दुसऱ्यात आवळा, तोही ठीक. साहेबांनी स्वतः पाचपन्नास खोपटी उचलून बघितली. काही रोपं गेली होती, बरीच उभी होती. चेहरा जरा सैल झाला.

मग आम्ही खाली परातीत उतरलो. पहिलं खोपटं उचललं. टेंभुर्णी काळी. दुसरं, पळस काळा. तिसरं, काळं. गेल्या वर्षीचीच सकाळ पुन्हा उगवली होती.

"हे तर जैसे थे," साहेब म्हणाले आणि पेन काढलं. "खालचा भाग नापास. अर्धी साइट गेली, मॅडम. नर्सरीबद्दल मी तुम्हाला सांगितलं होतं."

मोगीबाई पुढं झाली. काळ्या रोपाशी उकिडवी बसली. जमिनीलगत, खोडावर तिनं अंगठ्याचं नख ओढलं. साल निघाली. खाली हिरवं होतं. ओलं, टवटवीत हिरवं.

"तू आत्ता सही नको करू," ती साहेबांना म्हणाली. "हे वरून मेलंय. मुळात जीव आहे. उन्हाळ्यात येतं."

साहेब खाली बसले. त्यांनी स्वतःच्या नखानं दुसरं रोप खरवडलं. तिसरं. दहा-बारा खरवडली. बहुतेक हिरवी.

मग त्यांनी मान वर करून मला विचारलं, "गेल्या वर्षी हे तपासलं होतं?"

मोगीबाई माझ्याकडं बघत होती. 'हो' म्हटलं असतं तर कोणाला कळणार होतं? रोपं राहिलीच नव्हती. पण त्या तिघींच्या नर्सरीवर वर्षभर ठपका होता, आणि तो माझ्या सहीमुळं होता.

"नाही साहेब. पानं बघून मी मेली म्हटलं आणि सगळी उपटायला लावली. तुम्ही येणार होता म्हणून. रजिस्टरमध्ये सहाशे मृत लिहिली ती न तपासता. त्यातला पळस आणि टेंभुर्णी जिवंत असणार. मी मारली ती."

बोलून झाल्यावर मला रडू येईल असं वाटलं. आलं नाही, पण कान तापले. साहेब उठले, गुडघे झटकले. "हे लेखी द्या," म्हणाले. पेन खिशात गेलं. "मे महिन्यात येतो."

लेखी दिलं. वर्षभर माझ्या नावापुढं तो कागद राहिला. राहू दे.

मे महिन्यात सगळं पठार रखरखीत होतं. परातीत काळ्या काड्यांच्या बुडाशी लालसर कोवळी पानं फुटली होती. सगळ्यांना नाही, पण तीन चतुर्थांशांना तरी. साहेब रांगेरांगेनं फिरले, घाम पुसत. नर्सरी चालू ठेवण्याच्या कागदावर जीपच्या बॉनेटवरच सही केली. रेस्ट हाउसच्या दारातून जाताना दोन तपकिरी पाइनकडं त्यांनी बघितलं नाही. मीही विषय काढला नाही.

जीप गेली. मोगीबाई आणि मी झऱ्यावर पाणी प्यायला बसलो. वर्षभर मनात होतं ते मी विचारलं.

"मागच्या वर्षी उपटलेल्या रोपांचं काय केलं गं तुम्ही?"

"घरी नेली. चुलीत घातली." तिनं ओंजळीतलं पाणी चेहऱ्यावर मारलं. "पेटली नाहीत. घरभर धूर झाला. सासू ओरडली, ओलं लाकूड कशाला आणलं म्हणून."

ओंजळ भरून मीही पाणी तोंडावर मारलं.

तेव्हापासून थंडीतल्या पाहणीत 'मृत' हा रकाना मी पेन्सिलीनं भरते. पेन मे महिन्यात काढते. ऑफिसात नवी पोरं आली की त्यांना झाडांची नावं मी नंतर शिकवते. आधी पेन्सिल देते.