टॉम आधी ओरडला

त्या सकाळी वारा फार होता. मी दारात दूध घ्यायला वाकले, तर शेजारचा टॉम त्याच्या पायरीवर उभा. गुडघ्यात वाकून, हात पुढं करून. म्हणलं, "टॉम, आत जा, थंडी आहे." त्यानं बघितलंच नाही. डोळे रस्त्याच्या उताराकडं... मला तेव्हाच बरं वाटलं नाही.

मला लिहिता येत नाही फारसं. मी सांगते, सून लिहून घेते.

टॉम दुसऱ्या मोठ्या लढाईच्या आधीचा, फुटबॉलमधला गोलकीपर. आम्ही साउथहॅम्प्टनला आलो तेव्हा तो डॉकवर माझ्या नवऱ्याबरोबर माल उतरवायचा. नवरा गेला, मी हॉस्पिटलच्या लाँड्रीत लागले. माझे भाजलेले हात बघून टॉम म्हणायचा, "मिसेस, तुला गोलात उभी केली असती!" त्याची स्वतःची बोटं सगळी वाकडी. त्या काळी चामड्याचा बॉल, भिजला की दगडासारखा जड. समोरचे गडी कीपरला खांद्यानं धडक देऊन बॉलसकट जाळ्यात ढकलायचे, आणि तो गोल धरायचे. एकदा हा एकाच्या पायात झेपावला, बूट कानशिलात बसला. बदली गडी नसायचा. उठला, मॅच पुरी केली, आणि नंतर त्यातलं काहीच आठवेना... कोणाला सांगितलं नाही. दुसरा कीपर त्याच्या जागेवर टपून होता ना. असं पुढंही झालं. मग लढाई लागली, खेळ बंद. परत सुरू झाला तोवर ह्याचं वय निघून गेलं.

ते मार म्हातारपणी वर आले. उतारावरून काही घरंगळत आलं, डबा असो की बादली, की टॉम बॉल समजून रस्त्यात धावायचा. गाड्या करकचून थांबायच्या. कार्डिफहून त्याची मुलगी जीन आली. "डॅड, आता वृद्धांच्या होममध्ये राहायचं." हा म्हणाला, "मला गोलातून काढणारा अजून जन्मला नाही." जीन हसली नाही. मला म्हणाली, "परत एकदा रस्त्यावर गेले, की मी त्यांना नेणार."

त्यांच्या खेळात जो आधी "माइन!" ओरडेल त्याचा बॉल. मग आपल्याच बाजूच्या बाकीच्यांनी मधे यायचं नाही, कीपरनंसुद्धा. हे त्यानंच मला कधीतरी सांगितलेलं. पुढच्या वेळी डबा आला, टॉम निघाला, आणि मी दारातून जोरात ओरडले, "माइन!" जागच्या जागी थांबला. मागं सरकत पायरीवर गेला. "ठीक, मिसेस. तुझा." मग तो डबा मला आणावाच लागायचा, नाहीतर रागवायचा, "बॉल सोडून कुठं चाललीस?" अख्खा हिवाळा असा काढला. दुकानातून येताना आधी रस्ता बघायचे, मग त्याची पायरी...

त्या सकाळी वरच्या घराच्या कचऱ्याच्या बिनचं झाकण सुटलं. चाकासारखं उभं येत होतं. मी तोंड उघडलं, तोवर टॉम ओरडला, "माइन!" तरण्या माणसाचा आवाज होता तो. मी ओरडले, परत ओरडले. पण आधी तो ओरडला होता. खालून व्हॅन आली.

झाकण त्यानं पोटाशी धरलं होतं. सोडवता सोडवेना.

जीन म्हणाली, "मी न्यायलाच हवं होतं." म्हणलं, "तो त्याच्या घरातून गेला." चहा केला. ती प्यायली.

कीपर लोक गोलापुढं टाचेनं रेघ ओढतात म्हणे, मागं न बघता आपली जागा कळावी म्हणून. टॉमच्या पायरीपुढच्या गवतात तशी रेघ आहे. तिथं अजून मातीच दिसते. वारा सुटला की मी दारात येते. काहीबाही घरंगळत खाली जातं... कोणी ओरडत नाही.