आधीच लागलेला चेंडू

आधीच सांगून ठेवते – भूत, भानामती, करणी, नजर यातलं मला काहीही पटत नाही. सदरमधल्या एका पॅथॉलॉजी लॅबमध्ये मी वर्षानुवर्षं रक्त तपासतेय. काचेवर जे दिसतं ते आहे, जे दिसत नाही ते नाही, एवढंच माझं तत्त्वज्ञान. या ग्रुपवरचे अनुभव मी आजवर हसण्यासाठीच वाचत आले, दोनचार जणांना तर कमेंटमध्ये चांगलं झापलंय. त्यांनी आता वचपा काढायला हरकत नाही. फक्त "नेटवर्कचा लॅग असेल ताई" हे कोणी लिहू नका. लॅग म्हणजे उशीर. मी सांगतेय ती गोष्ट उशिराची नाही...

आमचं घर इतवारीत, वरच्या मजल्यावर. घरात मी आणि बाबा, दोघंच. आईला जाऊन काही वर्षं झाली. बाबांचा जन्म कळमन्याच्या बाजारात एका अडत्याकडे संत्र्याचा हर्रास बोलण्यात गेला – हर्रास म्हणजे लिलाव. माझा धाकटा भाऊ पंकज अमेरिकेत, पश्चिम किनाऱ्यावरच्या एका शहरात असतो. आईच्या तेरवीला आला होता तेव्हा जाता जाता त्याने बाबांच्या फोनमध्ये एक अ‍ॅप टाकून दिलं. त्याच्या गावच्या बेसबॉल टीमची मॅच रेडिओवर लाइव्ह ऐकू येते त्यात. तिकडची रात्रीची मॅच म्हणजे आपली सकाळ.

झालं! तेव्हापासून सीझन सुरू झाला की रोज आमच्या घरात सकाळी तो अमेरिकन कॉमेंटेटर बडबडायला लागायचा. बाबा दिवाणावर बसून फोन स्टीलच्या गंजात, म्हणजे पातेल्यात, उभा ठेवायचे, आवाज मोठा येतो म्हणून. मी पोळ्या लाटतेय, डबा भरतेय, बाबांची बीपीची गोळी काढून ठेवतेय, आणि गंजातून तो परका बाप्या कुठल्यातरी गादीच्या दुकानाची जाहिरात करतोय.

एकदा मी वैतागून विचारलं, "बाबा, त्यातलं ओ की ठो समजत नाई तुमाले. काय आयकून राहिले रोज?"

"मॅच नाई समजत वं," बाबा म्हणाले, "पण आवाज समजते. बोली चढली का बोलनाऱ्याचा आवाज चढते. हाबी तसाच आहे."

पण खरं कारण ते नव्हतं. मध्ये मध्ये तिथल्या ट्रॅफिकची बातमी लागायची, ती बाबा कान टवकारून ऐकायचे. त्यातल्याच एका रस्त्याने पंकज ऑफिसातून घरी येतो असं त्याने कधीतरी सांगितलं होतं. आणि गंमत बघा, खुद्द पंकजचा फोन आला की रेडिओ बंद पडतो, म्हणून बाबा त्याचा फोन कापायचे! लेकाचा फोन कापून लेकाच्या गावचा रेडिओ ऐकणारा बाप मी घरात सांभाळत होते. संताप व्हायचा माझा, आणि रडूही यायचं.

पंकजशी मी बोलणं टाकलं होतं. त्याने तिकडे बसल्या बसल्या ठरवलं की बाबांना वर्धा रोडवरच्या एका वृद्धांच्या सोसायटीत ठेवायचं. "ताई, तुझ्यानं आता होत नाही," म्हणाला. सकाळ-संध्याकाळ मी करते, रात्री बाबा खोकले की मी उठते, आणि माझ्याने होत नाही हे याला सातासमुद्रापलीकडून दिसलं. तेव्हापासून त्याचं नाव काढलं की माझ्या अंगाचा तिळपापड व्हायचा.

आता त्या दिवसाचं. पोळ्याचा दुसरा दिवस, म्हणजे आमच्याकडे मारबत. बाहेरगावच्यांसाठी सांगते – काळी मारबत आणि पिवळी मारबत अशा दोन मोठ्या बायांच्या मूर्ती वाजतगाजत निघतात आणि शेवटी त्यांना जाळतात. जाताना गावाची सगळी पीडा त्यांनी सोबत न्यायची. लोक रस्त्यातून, गच्चीवरून ओरडतात, "रोगराई घेऊन जा गे मारबत! महागाई घेऊन जा गे मारबत!" राजकारण्यांच्या नावाने तर वाट्टेल ते ओरडतात. मात्र आपल्या घरच्या माणसाचं नाव त्या हाकेत कोणी घालत नाही. हे कोणी शिकवावं लागत नाही, लहानपणापासून ठाऊक असतं.

मिरवणूक आमच्या गल्लीच्या तोंडावरून जाते. अजून आली नव्हती, पण लांबून ढोल-ताशे सुरू झाले होते. बाबांचा रेडिओ गंजात लागलेलाच, तव्यावर माझी पोळी. तेवढ्यात माझ्या फोनवर व्हिडिओ कॉल आला – पंकजचा. बाबांनी त्याचा फोन कापला असणार, म्हणून माझ्याकडे. मी उचलणार नव्हते, पण बाबांनी असं पाहिलं माझ्याकडे की उचलावा लागला.

तो त्याच मॅचला आला होता, स्टेडियममध्ये! ऑफिसच्या मित्रांबरोबर, अगदी मैदानाला लागून खुर्ची मिळाली होती. नारिंगी टी-शर्ट घालून फोन फिरवून दाखवत होता. "बाबा, हे पाहा, चेंडू अडवायची जाळी इथे संपते. याच्यापुढं नुसतं मैदान! तुम्ही रोज ऐकता ना, ते हे!" बाबांचा चेहरा असा फुलला की मी आपली फोन धरून उभी राहिले.

आणि तिथेच पहिल्यांदा खटकलं. गंजातल्या रेडिओवर कॉमेंटेटरचा आवाज चढला, गर्दी ओरडली. बाबा म्हणाले, "उंच गेला वाटते... झेलला!" पंकज हसला, "बाबा, अजून काहीच नाही झालं इथे, बॉलर उभाच आहे." चहा उकळून वर येईल एवढा वेळ गेला असेल. मग माझ्या फोनमधली गर्दी उठली, चेंडू उंच गेला आणि एकाने झेलला.

पुढच्या वेळीही तेच. आणि त्याच्या पुढच्याही.

"काहून गा पंकज," बाबा म्हणाले, "तू तं तिथंच बसून आहे. मंग तुले काहून उशिरा दिसते?"

"असं कसं होईल बाबा? अ‍ॅपवरचा रेडिओ तर मागे चालतो, सगळ्यांचाच. मैदानावर होऊन जाते, मग तिथे ऐकू येते." तो हसायचा थांबला होता. मग त्याने विषय बदलला, आणि नेमका त्या सोसायटीचाच काढला. "ताई, सोमवारी वर्धा रोडवाले येणार आहेत बाबांना पाहायला. मी बोललो त्यांच्याशी. घरी राहशील."

मला विचारलं नाही, बाबांना विचारलं नाही. बाबा समोर बसलेत, ऐकतायत, आणि हा सांगतोय की गिऱ्हाईक येणार आहे! माझं डोकंच फिरलं. बाहेर तेव्हाच मारबत गल्लीच्या तोंडाशी आली होती, सगळी गल्ली एका आवाजात ओरडत होती. मी फोन घेऊन गॅलरीत गेले, कॅमेरा त्याच्या तोंडासमोर धरला आणि जीव खाऊन ओरडले, "या पंक्याले घेऊन जा गे मारबत!"

"शुभे!" आतून बाबा ओरडले. "घरच्या मानसाचं नाव नाई घेत वं!"

मी आत वळले. रेडिओवरचा माणूस वाक्याच्या मध्येच थांबला होता.

मग तो हळू आवाजात बोलायला लागला. इंग्रजीत, पण मला शब्दन् शब्द समजला. चेंडू बॅटला चुकीचा लागून आडवा प्रेक्षकांत गेलाय, म्हणाला. जाळी संपते त्याच्या पुढच्या खुर्चीवर. नारिंगी शर्टातला माणूस आहे. फोनवर बोलत होता, त्याला दिसलंच नाही. तो हलत नाहीये. स्ट्रेचर आणतायत...

गर्दीचा आवाज पूर्ण बसला होता. बाबांना इंग्रजी येत नाही, पण ते पांढरेफटक पडले होते. "कोनीतरी मेलं वं," ते म्हणाले. "आवाज असाच बसते."

आणि माझ्या हातातल्या फोनवर पंकज जिवंत, धडधाकट, लालबुंद होऊन मला बोलत होता. "मारबतले देऊन राहिली मले? लाज नाही वाटत?" त्याच्या मागे मैदानात खेळाडू आरामात आपापल्या जागी उभे होते. तिथे अजून काहीच झालेलं नव्हतं.

जे मी मागितलं ते मंजूर झालं होतं, फक्त पोचायचं बाकी होतं. त्या क्षणी माझं विज्ञान, माझी काच, सगळं गेलं खड्ड्यात.

"पंकज, ऊठ तिथून! आत्ता ऊठ!"

"मी काहून उठू? तू सांगून राहिली म्हणून?"

"ऊठ ना बापा," बाबा हात जोडून म्हणाले, "ऊठ रे राजा तिथून."

"बाबा, तुम्ही शांत बसा. बीपी वाढेल. हे हिचे नाटकं आहेत."

मला त्याचा स्वभाव माहीत आहे. लहानपणापासून माहीत आहे. विनवलं की हा जागचा हलत नाही, आणखी पाय रोवतो. रेडिओचं सांगितलं असतं तर हसत बसला असता. तो उठतो फक्त भांडायला. म्हणून मी त्याला लागेल असं सगळ्यात घाणेरडं जे होतं ते बोलले.

"आईनं शेवटी तुझं नावबी नाही काढलं, माहीत आहे? मी विचारलं, पंक्याले बोलावू का. नको म्हणे. तोंड नाही पाहायचं म्हणे त्याचं."

त्याचा चेहरा कसा झाला ते मी लिहू शकत नाही.

"हिंमत असंल तं बाहेर जाऊन बोल माझ्याशी!" मी थांबलेच नाही. "त्या गोऱ्या पोरांमागे काहून लपून राहिला?"

तो उठला. शिव्या देतच उठला, मराठीत, मित्रांसमोर. स्क्रीनवर पायऱ्या हलायला लागल्या, तो वर चढत होता, धापा टाकत मला बोलत होता. "खोटं बोलून राहिली तू, आई असं म्हणूच शकत नाही..." आणि बॅटचा टक् असा आवाज आला, लगेच काहीतरी फाडकन फुटलं, आणि हजारो माणसांनी एकदम श्वास घेतला.

पंकजने फोन वळवला. त्याच्या रिकाम्या खुर्चीची पाठ मधोमध फुटली होती. शेजारचे मित्र उभे राहून आधी खुर्चीकडे आणि मग वर त्याच्याकडे बघत होते. कॉल कट झाला.

गंजातला रेडिओ त्याच वेळी अडकला. स्क्रीनवर गोल चक्र फिरत राहिलं. पुन्हा सुरू झाला तेव्हा तोच कॉमेंटेटर नेहमीच्या आवाजात सांगत होता – चेंडू प्रेक्षकांत गेला, खुर्ची मोडली, नशीब की तिथे कोणी बसलेलं नव्हतं. बाबांनी डोळे मिटून हात जोडले. मी गॅस बंद केला, कारण पोळी जळून कोळसा झाली होती. बाहेर मारबत निघून गेली होती, मागची पोरं नाचत होती.

नंतर मी जे करायचं ते सगळं केलं. अ‍ॅपवर जुन्या मॅच परत ऐकता येतात, त्यात तो भाग शोधून ऐकला, अनेकदा. त्यात फक्त मोडलेली खुर्ची आहे. नारिंगी शर्ट नाही, फोन नाही, स्ट्रेचर नाही. बाबांच्या फोनवर त्यानंतर कधी मॅच पुढे धावली नाही, इतरांसारखीच मागे रेंगाळते. सीताबर्डीच्या मोबाइलवाल्याला फोन दाखवला, त्याने बॅटरी बदला म्हणून सांगितलं. मला भास झाला म्हणावं, तर बाबांनाही झाला? तेही त्यांना न येणाऱ्या भाषेत? आणि आम्ही दोघांनी ऐकलं ते जर कुठे घडलंच नाही, तर मी त्याला उठवलं कशावरून? डोकं फुटायची वेळ येते. याचं उत्तर कोणाकडे असेल तर द्या, पण वाचून झाल्यावर द्या.

वर्धा रोडवाले आले नाहीत. पंकजने त्यांना नको म्हणून कळवलं, पण मला काहीच कळवलं नाही. बरेच दिवस त्याचा फोन नव्हता. मग एका सकाळी बाबा मॅच ऐकत असताना माझ्या फोनवर आला. मी लॅबला निघाले होते, जिन्यातच उचलला.

"ताई, एकच विचारतो. मग कधीच नाही विचारणार." आवाज बसलेला होता. "आईनं खरंच माझं नाव नव्हतं काढलं?"

मी जिन्यातच बसले. "शेवटचे दोन दिवस तुझ्याशिवाय दुसरं काही बोललीच नाही ती. मी हाताशी होते, तं मलेच पंकज म्हणत होती."

तो एकदम उसळला, "मग असं खोटं काहून बोलली? मी झोपलो नाही त्या दिवसापासून!"

"तू उठावा म्हणून."

"सरळ सांगता येत नव्हतं?"

"सांगितलं ना सरळ. बाबांनी हात जोडले. उठला का तू?"