तारेआतली माळाची बोली

"काढ गं तितराचा आवाज. पाहुण्यांना ऐकू दे."

मास्तर खुर्चीत. पाहुणे खुर्चीत. मी समोर, मातीत. माघाचे दिवस होते. कुणी बडे लोक सेटलमेंट बघायला आले होते. सेटलमेंट म्हणजे सोलापूरच्या कडेला काटेरी तारेनं वेढलेली आमची वस्ती. सरकारनं आम्हा पारध्यांना जन्मापासूनच गुन्हेगार ठरवलं आणि आत कोंडलं. मी तेव्हा अकरा-बारा वर्षांची असेन. तोंडापुढं हात धरला आणि तितर काढला. सगळे हसले. एकानं पेढा माझ्या पायाशी टाकला.

"हिच्या भाषेतलं काही ऐकव की," दुसरा म्हणाला.

"भाषा कसली!" मास्तर म्हणाले. "पाखरांचे आवाज आणि चोरांच्या खुणा."

मी पेढा उचलला, फुंकला, खाल्ला. गोड लागला. त्याचीच आज जास्त चीड येते.

चोरांच्या खुणा! माझी माणसं अक्कलकोटच्या अंगाला माळावर फासे लावून तितर धरायची. गुडघाभर कुसळी गवत, कुठं आडोसा नाही, वारा सदाचा. त्या माळानं आमचं बोलणं घडवलं. लांबच्याला हाक द्यायची तर शब्द ताणून वाऱ्यावर सोडायचा. फाशाजवळ बोलायचं तर इतकं हलकं, की गवताच्या सळसळीत मुरून जावं. आणि आमच्या बोलण्यानं माळ राखला. चैत्रात माद्या अंड्यांवर बसल्या की म्हातारी माणसं एक शब्द उच्चारायची. तो निघाला की फासे गुंडाळून ठेवायचे. तितराची हाक कुणी तोंडातून काढायची नाही, पोरांनी खेळातसुद्धा नाही. म्हणून पुढच्या साली पाखरं असायची.

तो शब्द मी इथं सांगणार नाही. आमच्या भाषेचा तमाशा एकदा झाला, तेवढा पुरे.

तारेच्या आत आमचे दोन्ही आवाज गुन्हा ठरले. लांबून हाक दिली तर रानटी बोंबलतात. हळू बोललो तर कट शिजतोय. पहारेकरी काठी आपटायचा, "ए, काय फुसफुसतीस गं? मराटीत बोल की, आमास्नी बी कळू दे!" आईनं मग बोलणंच कमी केलं. माझा धाकटा भाऊ आतच जन्मला. त्याला आई-बाप राबायचे त्या गिरणीचा भोंगा ठाऊक, पहारेकऱ्याची रोजची हजेरी ठाऊक. एकाही गवताचं नाव त्याला येत नव्हतं.

त्या वर्षी चैत्रात आजी, बापाची आई, आजारी पडली. म्हातारी म्हणून तिला बाहेर राहू दिलं होतं, माळाकडच्या एका खेड्यात. ती वाचणार नाही, असा निरोप आला. बाहेर जायला मास्तरांच्या सहीचा पास लागायचा. बिनपासाचं गेलं की तुरुंग. बाप मास्तरांच्या दारात जाऊन बसायचा, हात जोडायचा.

पेढा टाकणारा पाहुणा त्याच सुमाराला बंदूक घेऊन परत आला. मास्तरांनी बापाला बोलावलं. "पोरीला माळावर आण. ती तितरं बोलावील, साहेब शिकार करतील. संध्याकाळी तुझा पास तयार."

बापाला स्वतःला हाक काढता येत नव्हती. गिरणीतल्या कापसाच्या धुळीनं त्याचा गळा कायमचा बसला होता. तो "व्हय" म्हणाला. मला सांगताना खाली बघत होता.

"एकदाच," तो आमच्या भाषेत म्हणाला. "आईचं तोंड बघायचंय."

मोटारीतून आम्हाला माळावर नेलं. अर्धा माळ नांगरून टाकला होता. उरलेल्या गवतात, बोरीच्या झुडपाखाली मला मादी दिसली. अंड्यांवर बसलेली. डोळा उघडा, अंग निश्चल. पाहुण्यानं बंदूक सरसावली.

"हं, काढ," मास्तर म्हणाले.

"नाही," मी म्हणाले. त्यांच्याच शाळेत शिकलेल्या मराठीत, स्वच्छ. "माद्या अंड्यांवर आहेत. मी बोलावणार नाही."

थोबाडीत बसली. कान बधिर झाला. मास्तर बापाकडं वळले, "सांग तिला! पास हवा ना?"

मला वाटलं, आता बाप हात जोडेल. माझ्यापुढं जोडेल, तर मी काय करीन? बापानं माझ्याकडं बघितलं, झुडपाकडं बघितलं. मग त्या फुटक्या गळ्यातून तो शब्द काढला. फासे गुंडाळायचा शब्द. आणि मांडी घालून खाली बसला.

पास मिळाला नाही. आजी गेली. बापाला आईच्या मातीलाही जाता आलं नाही. माझ्या नकाराची किंमत त्यानं दिली आणि मरेपर्यंत मला एका शब्दानंही दोष दिला नाही. हे दुःख मी गिळलेलं नाही, गिळणारही नाही. त्याचा दोष माझा नाही, ज्यांनी पास अडवला त्यांच्या माथ्यावर आहे. हजेरीत सगळ्यांसमोर उभं करून मास्तर म्हणाले, "माफी माग." ऊन डोक्यावर आलं तरी मी तोंड उघडलं नाही.

आज मी गिरणीत कामाला आहे. तार अजून आहे. माझी दोन पोरं आतच जन्मली. पण त्यांना गवतांची नावं येतात, ओढ्याओढ्याचं नाव येतं. न बघितलेल्या माळावरून ती डोळे मिटून चालतात. पहारेकरी काठी आपटतो, तेव्हा मी आवाज चढवून शिकवते.

ही तार निघणार. निघाली की आम्ही तो माळ मागणार आहोत, नांगरलेला आणि न नांगरलेला, सगळा. कुठला माळ, असं साहेबानं विचारलं तर माझी पोरं सांगतील, आमच्या भाषेत. त्याला कळलं नाही, तर त्यानं शिकून घ्यावी. आम्ही त्याची शिकलो.